पाळणा टांगलेलं घर

फार फार वर्षांपूर्वी, डोंगराच्या कुशीत एक घर होतं. घरात माणसं तीन. सासू साळूबाई, तिचा लेक राणू आणि सून हौसा. घोंगड्या विणाव्या, भाकरी खावी, कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. सगळं होतं, बाळांनो, फक्त लेकरू नव्हतं. हौसाला दोनदा दिवस राहिले आणि दोन्ही वेळा हाती काही लागलं नाही.

तिसऱ्या खेपेला साळूबाईने मनाशी पक्कं केलं. पाच कोसांवरच्या गावात मुकाई नावाची सुईण होती. तिच्या हाताला मोठं यश. "बाळंतपण तिच्याच गावात करायचं," साळूबाई म्हणाली. "सव्वा महिन्यापुरतं घर घेऊ तिथं."

त्या गावात लखमशेट राहायचा. तो आपलं दुसरं घर सामानासकट, थोड्या दिवसांसाठी भाड्याने द्यायचा. त्याने दार उघडलं आणि साळूबाई बघतच राहिली. पलंग, गाद्या, तांब्याची लखलखीत भांडी. वर छतभर ताणलेला तांबड्या कापडाचा चांदवा, त्याला झालर. आणि त्याच्याखाली शिसवी पाळणा टांगलेला.

"बाळंतिणीसाठीच सजवलंय, म्हातारे," लखमशेट म्हणाला. "नुसतं अंगावरच्या कपड्यांनिशी या."

साळूबाई कसलेली बाई. तिने एकूणएक भांडं बोटाने वाजवून पाहिलं. गाद्या उलट्या केल्या, पाळण्याच्या कड्या ओढून बघितल्या. चांदव्याच्या वर काय आहे ते मात्र बघितलं नाही. कोण बघतं हो? दोन नव्या घोंगड्या भाड्यापोटी दिल्या आणि तिघं राहायला आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने शेगडी पेटवली. निखाऱ्यांवर ओवा टाकला, कडुनिंबाचा पाला टाकला. धूर वर चढला. चांदव्यात काहीतरी सळसळलं. मग टप्. टप् टप्.

पाळण्यात अंथरलेल्या दुपट्यावर विंचू पडले होते. एक, दोन, पाच. तेवढ्यात चांदव्याची शिवण उसवली आणि कुजक्या पेंढ्यासकट विंचवांचा सडाच खाली आला.

राणूने हौसाला उचललं आणि अंगणात आणलं. नांगी कुणाला लागली नाही, पण त्या धसक्याने हौसाच्या पोटात कळ उठली. दिवस भरलेच होते.

आरडाओरडा ऐकून गाव गोळा झालं. मुकाई धावत आली. लखमशेटही आला, बायकोला घेऊन.

"शेट, दुसरी जागा दे रे! माझी सून अडलीय," साळूबाई हात जोडून म्हणाली.

"मी काय फसवलं तुला?" लखमशेट म्हणाला. "पलंग बोललो, पलंग दिला. भांडी बोललो, भांडी दिली. वर विंचू नाहीत, असं कधी बोललो होतो का? सांग ना!"

खरंच, तो तसं बोलला नव्हता.

मुकाईने हौसाच्या पाठीवरून हात फिरवला आणि वर बघितलं. "तू नाही बोललास, शेट. पाळणा टांगलास ना? पाळण्यात काय दगड निजवतात? तो टांगलास तेव्हाच सगळं बोलून झालं."

"पाळणा म्हणजे सामान. सामानाला का तोंड असतं?"

"बरं बाबा," मुकाई म्हणाली. "तुझी लेक माहेरी आलीय. दहा दिवसांचा नातू आहे तुझा, याच हातांनी सोडवलाय मी. आण त्याला. घटकाभर निजव या पाळण्यात."

"डोकं फिरलं का तुझं?" लखमशेट किंचाळला. "दोन वर्षं झाली, अख्खं छप्पर विंचवांनी भरलंय!"

आणि त्याने जीभ चावली.

बायांनी तोंडाला पदर लावले. म्हणजे याला ठाऊक होतं! ठाऊक होतं, म्हणूनच चांदवा ताणला होता.

सगळ्यांत जास्त हादरली ती त्याची बायको. तिने नवऱ्याकडे असं बघितलं, जणू हा माणूस तिने कधी पाहिलाच नव्हता. मग ती पुढे झाली आणि तिने हौसाचा हात धरला. "चल बाई माझ्या माजघरात. माझ्या लेकीशेजारी खाट टाकते." जाता जाता थांबली. "आणि तुम्ही हो! हे छप्पर उतरवून नवं होईतो तुमचं ताट इथंच येईल. इथंच जेवायचं, इथंच निजायचं."

लखमशेट तीनच दिवसांत नवं छप्पर घालून मोकळा झाला. बघा, कसा पटापट हात चालला! पण तेव्हापासून गावाने रीतच घातली. घर भाड्याने द्यायचं, तर मालकाने आधी आपलं लेकरू तिथं निजवायचं, मगच किल्ली द्यायची.

आणि हौसा? त्याच दिवशी ऊन कलायच्या आत तिला मुलगी झाली, चांगली ठणठणीत. सव्वा महिन्याने तिघांची चौघं होऊन डोंगराकडे परतली. त्या घरात पुन्हा कधी रितं वाटलं नाही. दोन वर्षांनी मुलीच्या पाठीवर भाऊ आला.

म्हणून सांगते, दार उघडून कुणाला "या, राहा" म्हटलंत की त्याचा जीव सांभाळायचं वचन दिलंत, तोंडाने बोला नाहीतर नका बोलू.