स्वारीपुढची ललकारी

मला गोष्टी सांगायची हौस नाही. वाचनालयाच्या बाई दोनदा घरी आल्या, तिसऱ्यांदा लाडू घेऊन आल्या, म्हणून सांगतो. लाडूही दगडासारखे होते. ऐका.

राजा अजबरावाच्या बग्गीखाली सुभाना मेला. बग्गीखाली माणूस जाणं त्या गावाला नवं नव्हतं, पण सुभाना म्हणजे बग्गीच्या पुढे पळत "हटा, हटा, स्वारी आली" अशी ललकारी देणारा माणूस. बावीस वर्षं त्यानं गावाला त्या चाकांपासून वाचवलं आणि शेवटी तीच चाकं त्याच्या पाठीवरून गेली.

थोरल्या महाराजांचा कायदा होता. राजाच्या चाकाखाली जो मरेल, त्याच्या घरच्यांना विहिरीसकट एक शेत द्यायचं. म्हणून सुभानाची मुलगी झुंबर बापाची घुंगुरकाठी घेऊन दरबारात उभी राहिली. घरी आई होती, दोन शेळ्या होत्या, आणि चूल एक दिवसाआड पेटत होती.

"शेत द्या, महाराज."

कारभाऱ्यानं नाकात तपकीर कोंबली. "कसलं शेत? ललकारी ऐकून जो हटत नाही, चूक त्याची. चूक त्याची, तर भरपाई नाही. तुझ्या बापानं ललकारी ऐकली होती का?"

"त्यानंच दिली होती की."

"म्हणजे सगळ्यात आधी त्याच्याच कानावर पडली. मग हटला का नाही? उलट बग्गीचा कंदील फुटला, तो कोण भरून देणार?"

दरबार खो खो हसला. राजानं तर मांडीवर थाप मारली.

झुंबर काही हसली नाही. "महाराज, त्या दिवशी लगाम कुणाच्या हातात होता?"

गाडीवान छताकडे बघू लागला. राजा खाकरला. "आमच्या हातात. मग? आम्ही उत्तम हाकतो."

"व्हय, गावाला ठाऊक हाय."

राजाला ते झोंबलं. "फार जीभ चालते तुझी. उद्या बाजार आहे. बग्गी आम्ही हाकणार, बापाच्या जागी ललकारी तू द्यायची. वाड्यापासून तळ्यापर्यंत रस्त्यावरचा एकूण एक जीव हटला, तर शेत तुझं. एक जरी राहिला तर शेत विसर आणि कंदील भरून दे."

एकूण एक, तेही बाजाराच्या दिवशी! त्या बाजारात भर रस्त्यात राधाक्का भोपळेवाली आणि चिंगी तेलीण सकाळपासून भांडायला बसत, त्या राणीच्या मेण्यालाही वाट देत नसत. त्यांच्यापुढे देवाला सोडलेला वळू बसायचा. तो तर कुणालाच मोजायचा नाही.

"बावीस वर्षं तुझा बा घसा फोडत होता," रात्री घरी आई रडत म्हणाली, "तो वळू एकदा उठला नाही."

"बा चुकीचं वरडत होता," झुंबर म्हणाली आणि कूस बदलून झोपली.

दुसऱ्या दिवशी बग्गी वाड्याबाहेर आली. झुंबरनं घुंगुरकाठी आपटली. हटा नाही, स्वारी नाही. बेंबीच्या देठापासून ओरडली, "लोकहो, आज लगाम महाराजांच्या हातात हाय!"

मग काय विचारता! राधाक्का भोपळ्यांसकट देवळाच्या ओट्यावर चढली आणि चिंगी राधाक्काच्या मांडीवर. न्हावी अर्ध्या दाढीचं गिऱ्हाईक खांद्यावर टाकून पळाला. बातमी घोड्यांच्या आधी तळ्यावर पोचली आणि तिथली माणसं कपड्यांसकट पाण्यात उतरली. राहता राहिला वळू. त्यानं मान वळवून बग्गी कोण हाकतंय ते पाहिलं. गेल्या जत्रेत याच माणसानं त्याची शेपटी चार बोटं कमी केली होती. वळू उठला आणि सोनाराच्या दुकानात जाऊन बसला.

मोकळ्या रस्त्यावरून बग्गी हेलकावे खात तळ्याशी पोचली. मागून झुंबर पेरू खात आली.

"सगळे हटले?" राजानं तोंड वाकडं करून विचारलं.

"हटले महाराज. एक राहिला."

राजाशेजारी डोळे मिटून बसलेल्या कारभाऱ्यानं डोळे उघडले. "हरलीस! कोण तो? असला माणूस चाकाखाली गेला तरी त्याच्या घरच्यांना दमडी देणार नाही."

"वाड्यापासून तळ्यापर्यंत भर रस्त्यात होता. ललकारी धडधडीत ऐकली, पण हटला नाही."

"नाव सांग त्याचं," राजा गरजला.

"राजे अजबराव."

राजा उभाच राहिला. "अगं शहाणे, ललकारी बाकीच्यांना असते. स्वारीतलीच माणसं हटायला लागली, तर स्वारी पुढे जाईल कशी?"

"कारभारी, एवढं लिहून घ्या," झुंबर म्हणाली. "महाराज, माझा बा पण स्वारीतच होता. सगळ्यांच्या पुढे."

कारभाऱ्याची तपकीर भलत्या वाटेनं गेली. तो सात वेळा शिंकला. राजा झुंबरकडे बघत राहिला, आणि मग असा हसला की घोडे बिचकून दोन पावलं तळ्यात गेले. झुंबरनं धावत जाऊन लगाम धरला, तेव्हा तर त्याला हसू आवरेना.

तळ्याकाठचं विहिरीचं शेत झुंबरला मिळालं, वर दोन दुभत्या म्हशी. कंदील कारभाऱ्यानं भरून दिला. शेत मिळालं तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या. पण राजानं लगाम गाडीवानाच्या हातात दिला, तेव्हा गावानं पेढे वाटले.

झाली गोष्ट. आता माझं एक ऐका. गेल्या बाजारी एकानं माझ्या पायावरून मोटारसायकल नेली आणि वर मलाच विचारलं, "आबा, हॉर्न ऐकला नाही का?" हॉर्न ऐकला होता. माफी अजून ऐकलेली नाही. नाव लिहून ठेवा : पिठाच्या गिरणीवाला विलास टेंगले.