पाय नसलेला फिर्यादी

तळ्याच्या राज्यात नियम एकच होता. पाणी आटायच्या आत ज्याला पाय फुटले तो जगला. शेपटीवर राहिला तो चिखलात वाळला.

म्हणून तिथे शाळा होती. काठालगतच्या उथळ पाण्यात बेडूकमासे, म्हणजे बेडकांची बिनपायांची पोरं, शेवाळ खाऊन पाय फुटायची वाट पाहत. हे शेवाळ सगळं तळं पुरवी. प्रत्येक बेडकाने रोज एक घास आणून द्यायचा; त्याला पायपट्टी म्हणत. ती जमा होई शाळेचे कारभारी डरावसाहेब यांच्याकडे. साहेब बसले की आधी पोट टेके, मग साहेब. सकाळी शेवाळाचा ढीग येई आणि दुपारी साहेबांच्या हनुवटीवरून हिरवी लाळ ओघळे. पाहून शिसारी यावी. तरी सभेत "आपली मुलं, आपले पाय" म्हणताना त्यांचा गळा भरून येई. घास अडकला तरी गळा भरतोच.

पाणी निम्म्यावर आलं तरी भिवरा बेडकीच्या पोराला, ठिपक्याला, पाय फुटले नव्हते. शाळेत कुणालाच फुटले नव्हते. साहेबांचे नातू मात्र काठावर उड्या मारत होते.

भिवरा न्यायालयात गेली. न्यायाधीश कासव उंच दगडावर, डरावसाहेबांनी भेट दिलेल्या मऊ हिरव्या गादीवर बसलं होतं.

"साहेबांनी पायपट्टी खाल्ली," ती म्हणाली.

"त्यात तुझं काय गेलं?"

"माझा रोजचा घास गेला की!"

"दिलास तेव्हाच तो तुझा राहिला नाही. शिवाय गेला तो सगळ्यांचाच. सगळ्यांचं जातं त्यात तुझं वेगळं काय गेलं?"

घास कुणाच्या पोटात गेला, हे कुणी विचारलंच नाही.

दुसऱ्या दिवशी ती आई म्हणून गेली. कासवाने तिच्या पायांकडे पाहिलं. "तुला तर चारही पाय आहेत. नुकसान झालंच असेल तर पोराचं. ज्याचं नुकसान, त्याने स्वतः येऊन या दगडावर उभं राहावं. कायदा आहे." एवढं बोलून त्याने मान आत घेतली. अडचणीचं काही आलं की मान आत घ्यायची, ही त्याची विद्वत्ता तळ्यात वाखाणली जाई.

तिसऱ्या दिवशी भिवराने कमळाच्या पानाचा द्रोण केला आणि पाण्यासकट ठिपक्याला घेऊन आली. शाळेत तोवर वीतभर पाणी उरलं होतं. कारकून खेकड्याने तीनदा पुकारा केला. "फिर्यादी ठिपक्या, उभा राहा!"

"अहो, पायच नाहीत म्हणून तर आलोय ना आम्ही!" भिवरा कळवळून म्हणाली.

"फिर्यादी उभा राहिला नाही," खेकड्याने लिहून घेतलं. पुढच्या रांगेत डरावसाहेबांनी ढेकर दिली. शेवाळाचा आंबूस वास सगळीकडे पसरला. तो सगळ्यांना आला. नाक मात्र कुणी दाबलं नाही.

भिवरा द्रोणासकट दगडावर चढली, तिचा तोल गेला आणि द्रोण कलंडला. ठिपक्या घसरत जाऊन न्यायासनाच्या हिरव्या गादीवर पडला. त्याला कोर्ट कळत नव्हतं, कायदा तर नाहीच. गादीचा वास मात्र त्याच्या ओळखीचा होता. शाळेत कधीमधी यायचा. त्याने गादीला तोंड लावलं.

"गादी कुरतडली!" कासव ओरडलं. त्याची मान एवढी बाहेर आलेली तळ्याने कधी पाहिली नव्हती. "न्यायालयाचं नुकसान झालं!"

खेकड्याने लगेच नवं पान काढलं. तक्रार दाखल झाली. आरोपी म्हणून ठिपक्याचं नाव लिहिलं गेलं.

"पण त्याला उभं राहता येत नाही हो," भिवरा पुटपुटली.

"आरोपी आडवा असला तरी चालतो," कासव म्हणालं.

दगडावर सांडलेलं पाणी उन्हाने आटत होतं. ठिपक्याच्या तोंडात तो हिरवा घास अजून तसाच होता.