दोन चादरी, तीन माणसं

इंग्लंडातल्या हॉलोबेक गावच्या चर्चमध्ये ईस्टरआधीच्या एका रविवारी एक पुरुष आणि दोन बायका वेदीसमोर उभ्या राहतात. माणसं तीन, पांढऱ्या चादरी मात्र दोनच. पाहुणे हसू लागले की चर्चची देखभाल करणारे म्हातारे पेल त्यांना बाकावर बसवून घेतात.

चारशेहून जास्त वर्षांपूर्वी इंग्लंडच्या राणीने जुना कॅथलिक पंथ बंद केला, तेव्हाची ही गोष्ट, असं ते सांगतात. त्या पंथाच्या पाद्र्याला आसरा देणाऱ्याला सरळ फाशी होती. गावचा गिरणीवाला होता जर्वेस आणि त्याची बायको थॉमसिन. घरी जवाची भाकरी खायची, आणि हा बाबा चाळलेलं पांढरं पीठ घेऊन निघायचा विधवा अर्सुलाकडे. थॉमसिनच्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा. अर्सुलाचं हसणं, तिचं चालणं, सगळंच थॉमसिनच्या डोळ्यांत खुपू लागलं. शेवटी तिने चर्चच्या कारभाऱ्याचे कान भरले. व्यभिचाराची शिक्षा ठरलेली होती: पांढरी चादर पांघरून भर चर्चमध्ये उभं राहायचं. अर्सुलाला तसं उभं पाहायचं, एवढंच थॉमसिनच्या मनात होतं.

कारभाऱ्याची माणसं अर्सुलाच्या घरात शिरली. जर्वेस सापडला, पण चुलीपाशी. तव्यावर पातळ, गोल चकत्या होत्या, जुन्या पंथाच्या पूजेत प्रसाद म्हणून देतात तशा. अर्सुलाने घरात लपवलेला पाद्री तेवढा निसटला होता.

"ह्या कोणासाठी?" दोघांना कोर्टात उभं करून न्यायाधीशाने दरडावून विचारलं. पीठ कोणासाठी जात होतं ते थॉमसिनला आत्ता उमगलं, आणि आता दोघांना फाशी होणार हेही.

ती पुढे झाली. "सरकार, ह्यात धर्म कुठला आलाय? हा हिच्या नादी लागलाय. हिचे लाड पुरवायला चकत्या भाजत होता. मला कधी नाही भाजल्या." बायबलवर हात ठेवून तिने तसं शपथेवर सांगितलं. शेवटचं वाक्य बोलताना तिला खरंच रडू फुटलं, म्हणून न्यायाधीशाला पटलं म्हणे. अर्सुलाने मान खाली घालून गुन्हा कबूल केला. फाशी टळली.

रविवारी दोघं चादरी पांघरून शेजारी शेजारी उभी राहिली. हे सगळं खोटं आहे, हे थॉमसिनला पक्कं ठाऊक होतं. तरी त्यांना तसं, लग्नाला उभं राहिल्यासारखं पाहून तिचा जळफळाट झाला. ती तरातरा गेली, दोघांच्या मधे घुसली आणि नवऱ्याच्या चादरीत शिरली.

आजही त्या रविवारी गावातलंच एखादं जोडपं आणि एखादी शेजारीण निवडतात. बायकोला कधी उठायचं ते कोणी शिकवत नाही. नवरा दुसरीशेजारी उभा राहिला की ती आपली आपण उठते.