बारावी खुंटी

पडलेल्या वीराची कथा जिंकणाऱ्याने सांगायची आणि हरणाऱ्याने ती मान लववून स्वीकारायची. हा नियम कुणी केला हे विचारायचे नाही, असे थिरेयाला लहानपणीच बजावले होते. यवनांचे, म्हणजे ग्रीकांचे, देव पर्वतशिखरावरून उतरून माणसांच्या रणात उभे राहत, त्या युगात काळ्या समुद्राच्या तीरी ॲमेझॉन वीरांगनांचे राज्य होते. तिथली राणी रणात पडली, की शत्रूने तिचे चित्र रंगवलेली ढाल पाठवावी आणि ती युद्धदेवाच्या देवळात टांगल्यावरच शव परत द्यावे, अशी रीत होती.

सात दिवसांच्या घनघोर संग्रामात थिरेयाची थोरली बहीण, राणी क्लिओमेदा, पडली. आठव्या दिवशी यवनांचा दूत ढाल देऊन देवळाच्या दारात थांबला. थिरेयाने ढालीवरचे आवरण काढले. चित्रातली क्लिओमेदा आपल्याला मारणाऱ्याच्या मांडीवर डोके ठेवून, त्याच्याकडे प्रेमाने पाहत मरत होती.

"हिचे मोडलेले नाक कुठे गेले? आणि चिलखत? लढाईआधी धुवायला टाकले होते का?" थिरेयाने विचारले.

देवळात जमलेल्या वृद्धांच्या सभेतली सर्वांत वयस्कर मेलांथा म्हणाली, "वत्से, चित्र खोटे आहे, हे आम्हालाही दिसते. पण शव खरे आहे आणि ते शत्रूच्या छावणीत उन्हात पडले आहे. ढाल टांग. बहिणीला अग्नी दे."

थिरेयाने भिंतीकडे पाहिले. अकरा खुंट्यांवर अकरा ढाली, अकरा राण्या; बारावी खुंटी रिकामी. आणि सगळ्यांचा चेहरा एकच.

"मावशी, तुमची आईही राणी होती ना? यातली ती कोणती?"

मेलांथा बराच वेळ ढालींवरून नजर फिरवत राहिली. मग तिचा आवाज चढला. "ऐक, उद्धट पोरी! युद्धदेवाचा शाप आहे. ढाल नाकारणारीच्या माणसाला अग्नी मिळत नाही, आणि चित्र तरीही जगभर जाते. घटांवर, भिंतींवर, पुढच्या युगात हलत्या चित्रांच्या पडद्यांवरसुद्धा तुझी बहीण अशीच मरेल. सुंदर, अर्धवस्त्र, शत्रूच्या प्रेमात. तू काय थांबवणार?"

हे खरे होते, आणि ते थिरेयाला कळत होते. उघड्या दारातून छावणीवर घिरट्या घालणारी गिधाडे दिसत होती.

"काहीच थांबणार नाही," डोळे पुसत ती म्हणाली. "पण हे माझ्या हातून होणार नाही."

तिने ढाल दूताच्या पायाशी टाकली. दूत ती उचलून निघून गेला.

बारावी खुंटी रिकामीच राहिली. सभेतल्या वृद्धा त्या खुंटीकडे पाहत बसल्या.