गालिच्यात अडकलेला राजा

कुंभेरीचा राजा रणधीरराव आपल्याच दिवाणखान्यात अडकून पडला, तो एका गालिच्यामुळे.

शेजारच्या बोरणीच्या राजाने आपल्या महालात भिंतीपासून भिंतीपर्यंत गालिचा घातला होता, पण तो तीन तुकडे जोडून. रणधीररावाने हट्ट धरला, की आपला गालिचा अखंड हवा आणि जमीन बोटभरही दिसता कामा नये. अगदी दारापाशीसुद्धा! विणकरांनी वर्षभर खपून एक जाडजूड लोकरी गालिचा विणला. कारागिरांनी दार लावून घेतलं, गालिचा चारी भिंतींपर्यंत ताणून कडेने खिळे ठोकले आणि खिडकीला लावलेल्या शिडीवरून ते उतरून गेले. राजा आत उभा राहून देखरेख करत होता. काम मनासारखं झालं, तसा तो निघाला. कडी काढून त्याने दार ओढलं. दार आत उघडणारं. ते गालिच्यात रुतलं आणि जागचं हलेना. खिडकीतून उतरावं, तर राजा पोटापाशी अडकायचा.

"महाराज, दारापुढचा गालिचा हातभर कापू या," दिवाण आबाजीपंत शिडीवरून म्हणाले.

"कापाल तर खबरदार. बोरणीकरांना अखंड गालिचा बघायला बोलावलंय मी. चार दिवसांत येतील ते."

"मग दार खालून तासू."

"दाराच्या खालच्या अंगाला आजोबांनी हत्ती कोरून घेतलेत. त्यांचे पाय तासणार तुम्ही?"

"निदान गालिचा उचलून..."

"आणि परत अंथरला की दार परत अडणार. पाहुण्यांना काय शिडीवरून आणू?"

दोन दिवस राज्यकारभार खिडकीतून चालला. फिर्यादी शिडी चढून येत, बाजू मांडत आणि निकाल घेऊन उतरत. राजाचं ताट दोरीने वर जाई. वर पोचेपर्यंत अर्धी कढी भिंतीला लागलेली असे. तिसऱ्या दिवशी भुकेल्या राजाला गुन्हेगार सापडला. एवढी दाट लोकर आहे तरी कुणाच्या मेंढ्यांची? सुंद्रा धनगरणीच्या. झालं! शिपायांनी तिच्या एकशेवीस मेंढ्या हाकलत आणून वाड्याच्या चौकात कोंडल्या. दार उघडेपर्यंत त्यांची सुटका नाही.

सुंद्रा तडक वाड्यावर आली. घरी वाडग्याच्या कुंपणात वीस कोकरं आयांवाचून ओरडत होती, त्यांचा आवाज अजून तिच्या कानात होता. तिने दिवाणांकडून सगळं ऐकून घेतलं आणि खिडकीकडे मान वर केली.

"महाराज, मी दार उघडलं तर माझी मेंढरं आत्ताच्या आत्ता सोडाल?"

"सोडेन," वरून राजा म्हणाला. "पण गालिचा कापायचा नाही, उचलायचा नाही, जमीन दिसता कामा नये आणि दाराला हत्यार लावायचं नाही. यातलं एक जरी चुकलं, तरी मेंढ्या सरकारजमा."

सुंद्रा शिडी चढून आत गेली. दारापाशी बसून तिने गालिच्यात बोटं खुपसली. वर चार बोटं उंच लोकर होती आणि खाली घट्ट वीण. मग तिने कमरेची कातर काढली.

"काय करतेस?" राजाने विचारलं.

"रोजचंच काम, महाराज. जरा बाजूला सरता?"

राजा सरला. दार जेवढं फिरणार, तेवढ्या भागावरून कातर कचाकचा चालली. सुंद्राच्या गुडघ्याशी लोकरीचा ढीग झाला. खालची वीण मात्र शाबूत राहिली, जमीन कुठेच दिसेना. मग उठून तिने कडी धरली आणि दार ओढलं. ते सरसर फिरत थेट भिंतीला जाऊन टेकलं.

दाराला बाहेरून कान लावून बसलेले आबाजीपंत गडगडत आत आले आणि कातरलेल्या जागेवरच नाक टेकून पडले. तिथूनच ते ओरडले, "महाराज, हिने गालिचा कापला! बघा, हातात कातर आहे!"

राजाच्या कपाळाला आठ्या पडल्या. खालून मेंढ्यांचं बें बें ऐकू येत होतं. सुंद्राने कातर लपवली नाही.

"दिवाणसाहेब," ती म्हणाली, "वर्षातनं दोनदा मी मेंढरं कातरते. खाली चौकात उभी हायेत, जाऊन बघा. एक जरी कापलेली दिसली, तर मलाबी कापा."

राजाचं पोट हलू लागलं, आणि तो इतका हसला की भिंतीला धरून त्याला खाली बसावं लागलं. हसू आवरल्यावर त्याने दार सात वेळा उघडलं, सात वेळा लावलं आणि शेवटी एकदाचा उंबरा ओलांडला.

मेंढ्या तर सुटल्याच, वर डोंगराखालचं राखीव कुरण राजाने सुंद्राला कायमचं चराईला दिलं. मेंढ्या तिथवर हाकत नेऊन पोचवायचं काम त्याने आबाजीपंतांवर सोपवलं.