तिसऱ्या हाकेची ओ

खारवडीच्या नाट्यगृहात तिसरी घंटा होते आणि पडदा काही उघडत नाही. परगावचा प्रेक्षक चुळबुळू लागतो. कुणीतरी ओरडतं, "दोरी अडकली का हो?" गावची माणसं मात्र श्वास रोखून बसलेली असतात. मग रंगमंचाच्या फळ्यांखालून एका बाईची हाक येते. एकच नाव, तीनदा.

"घाबरू नका," नाट्यगृह सांभाळणाऱ्या इंदूताई पाहुण्यांना आधीच बजावतात. "पण मध्येच ओ देऊ नका. तिसऱ्या हाकेला सगळ्यांनी मिळून द्यायची, मगच पडदा उघडतो. त्यामागे गोष्ट आहे."

ही इमारत मुळात बायकांची. खाडीकाठचा भगिनी समाज. दुपारची कामं उरकली की बायका इथे शिवण घेऊन बसत आणि घरी बोलता न येणारं बोलत. एके वर्षी म्हणे त्यांनी नाटक बसवायचं ठरवलं. तोवर गावात राणी व्हायचे तेही मिशा काढून पुरुषच! इथे राजा झाली द्वारकी आणि राणी झाली तिची शेजारीण मथुरा. मथुरा चार बुकं शिकलेली, पाठांतर पक्कं. पण भांडं पडलं तरी दचकायची. भर तालमीत द्वारकी म्हणाली, "मांजर आडवं गेलं ना, तर आमच्या राणीसाहेब सिंहासनाखाली सापडतील!" सगळ्या खो खो हसल्या. मथुरेला ते झोंबलं. "पुन्हा तुझं नाव माझ्या तोंडी आलं तर देवीची आण," म्हणाली, आणि तिने अबोला धरला.

नाटकाच्या आदल्या दिवशी अवस होती. तिन्हीसांजेला बायका समाजाच्या अंगणात देवीच्या आरतीला जमल्या. मथुरा घरी जाते म्हणून निघाली आणि मागच्या दाराने हळूच आत शिरली. सभागृहाच्या फळ्यांखाली तळघर होतं. नाटकाचं सामान पुरुषांच्या नजरेआड तिथे ठेवलेलं. अंधारात एकटीने उतरायचं, राणीचा मुकुट घालून सगळ्यांसमोर उभं राहायचं, आणि मग बघू कोण हसतं ते, असं तिच्या मनात होतं.

पायरी ओली लागली. पाऊस तर नव्हता. कुणाची घागर हिंदकळली असेल, अशी मनाची समजूत घालून ती खाली उतरली. मुकुट चाचपडत असतानाच वरचं झाकण धाडकन पडलं आणि बाहेरची कडी बसली.

त्या संध्याकाळी उधाणाने खाडीचा बांध फोडला होता, असं सांगतात. भिंतीच्या फटींतून पाणी आत येऊ लागलं. झाकण हलेना. मथुरेने जीव खाऊन हाका मारल्या. "भागीरथीकाकू! गोदे! सुंदरे!" जी आठवेल तिचं नाव घेतलं.

अंगणातल्या टाळ्या थांबल्या. ऐकलं! मथुरेला हुंदका फुटला. तोच भागीरथीकाकूंचा दबका आवाज आला, "कुणी ओ देऊ नका गं! अवसेची तिन्हीसांज आहे, आणि हाक जमिनीतून येतेय."

"काकू, माझंच नाव घेतलं हो!" गोदी रडकुंडीला आली होती.

"एकदाच ना? मग गप बैस. माणूस असेल तर तिसऱ्यांदा हाक मारील. ते तिसरी मारत नाही."

हे मथुरेलाही ठाऊक होतं. अशा वेळी तिनेही कधी कुणाला ओ दिली नव्हती. आणि आज साऱ्या हाका तिने वाटून टाकल्या होत्या. सगळ्यांना एकेक, पुरी कुणालाच नाही.

पाणी छातीशी आलं. आता एकच नाव धरायला हवं होतं. गोदी? ती तर आपल्याहून भित्री. काकू? त्या स्वतःही येणार नाहीत, दुसरीलाही येऊ देणार नाहीत. कशालाच न भिणारी एकच होती.

"द्वारके!"

वर कुणीतरी किंचाळलं. "अगं बाई, मथुरेचा आवाज काढतंय!"

"मथुरा कशाला माझं नाव घेईल?" द्वारकीचाच आवाज. "आण घेतलीय तिने."

"चला गं, घरी चला!" पावलं दूर जाऊ लागली.

"द्वारके!"

पावलं थबकली. सगळ्यांची की एखादीचीच, ते मथुरेला कळेना.

इंदूताई इथे नेहमी थांबतात. आजही दुसऱ्या हाकेनंतर नाट्यगृहात कुणी खोकतसुद्धा नाही. बाया या इमारतीत नाटक करणार की इथे कायमचं कुलूप पडणार, ते त्या घडीला अधांतरी होतं, म्हणतात. म्हणून पडदाही आजवर तिथेच अडतो.

पाणी हनुवटीला लागलं. मथुरेने तोंड उघडलं. "द्वा..." खारं पाणी घशात गेलं. अर्धं नाव म्हणजे हाक नव्हे. ती चवड्यांवर उभी राहिली, फळीला नाक टेकवलं आणि उरलासुरला श्वास गोळा केला.

"द्वारके!"

डोक्यावरच्या फळ्या धडधडल्या. कुणीतरी पळत येत होतं.

"ओ! ओ, मथुरे, ओ!"