पाषाणकन्येची तिसरी गोष्ट

एका राज्यात पद्मनाभ नावाचा राजा राज्य करीत होता. लोभापायी त्याने एका मांत्रिकाचा पुरलेला ठेवा उकरून काढला, आणि मांत्रिकाच्या शापाने त्याची सात वर्षांची लेक मृणाल बागेत खेळता खेळता पाषाण झाली. राजाने ठेवा परत केला, मांत्रिकाचे पाय धरले. मांत्रिक म्हणाला, शाप मागे घेता येत नाही. पण मुलीला ऐकू येते. तिच्या जिवाला भिडेल अशी गोष्ट सांगा, ती उठेल. मात्र गोष्टी तीनच. तिसरी वाया गेली, तर ती कायमची पाषाण.

राजाने दरबारची कवयित्री कुवलया हिला पाचारण केले. पहिल्या दिवशी तिने राजाच्या पराक्रमाची कथा भारदस्त छंदात गायिली. दरबार डोलला; पाषाण ढळला नाही. दुसऱ्या दिवशी तिने पित्याचा शोक वर्णिला. राजा स्फुंदून रडला, दासींनी डोळ्यांना पदर लावले. मृणालची पापणी हलली नाही.

सारे परतले. कुवलया तिथेच बसून राहिली. तेव्हा आंब्यावरचा पोपट तिला म्हणाला, "पहिली राजासाठी रचलीस, दुसरी रडणाऱ्यांसाठी. हिच्यासाठी कधी रचणार?"

कुवलया खजील झाली. ती उठली आणि मृणालला सांभाळणाऱ्या चंपादाईकडे गेली. शाप लागला त्या क्षणी मृणाल काय करीत होती, असे तिने विचारले. दाईने सांगितले, झाडावरून पडलेले खारीचे पिल्लू ती कुरवाळीत होती. पुढे ते पिल्लू दाईनेच वाढवले. पण हे मृणालला सांगायचे कोणाला सुचलेच नव्हते.

तिसऱ्या दिवशी कुवलयेने पोथी आणली नाही. ती गवतावर मांडी घालून मुलीच्या कानाशी बसली आणि हळू आवाजात बोलू लागली.

"एक पिल्लू होतं, अंगठ्याएवढं. ते झाडावरून पडलं. डोळेसुद्धा उघडले नव्हते त्याचे. त्याला वाटलं, आता आपलं कोणी नाही. इतक्यात पाठीवरून एक उबदार बोट फिरलं, आणि अचानक थांबलं."

कुवलया श्वास घ्यायला थांबली.

"मग?" पाषाणाचे ओठ म्हणाले.

राजा धावत पुढे आला. कुवलयेने त्याला हातानेच थोपवले. गोष्ट अजून बाकी होती.

"मग चंपादाईनं त्याला कापसात गुंडाळलं. बोळ्यानं दूध पाजलं. आता ते या आंब्यावर राहतं, आणि खाली उतरायला मुळीच भीत नाही."

शब्दागणिक दगड विरघळत गेला. गोष्ट सरली तेव्हा मृणाल कुवलयेच्या मांडीवर होती, हाताला उबदार लागणारी, जड, जिवंत. राजाने मुकुट गवतावर ठेवला आणि तो लेकीशेजारी बसला. ती म्हणाली, "बाबा, पुन्हा सांगायला सांगा ना."

त्या दिवशी दरबार भरला नाही. राजा गोष्ट ऐकत होता.